अधिकार आणि आहुती

देवस्थानांच्या मानपानाचे कज्जे वकिलाला नवे नाहीत. पालखीला पहिला खांदा कोणाचा, गाभाऱ्यात पाऊल कोणी ठेवावे, यांवर पिढ्यान्‌पिढ्या कागद रंगतात आणि प्रत्येक पक्षकार आपल्या पूर्वजांचा दाखला देतो. असे कागद चाळताना मला प्राचीन रोममधील डेसियस घराण्याचे स्मरण होते.

रोममध्ये पॅट्रिशियन म्हणजे कुलीन आणि प्लेबियन म्हणजे सामान्यजन असे दोन वर्ग होते. डेसियस घराणे सामान्यजनांपैकी. दीर्घ झगड्यानंतर इ. स. पूर्व ३६७ मध्ये कॉन्सल हे सर्वोच्च पद सामान्यजनांना खुले झाले. तथापि धर्माधिकारी आणि शकुनज्ञ यांची पदे कुलीनांनी आपल्याच हाती राखली.

लिव्ही या इतिहासकाराने पुढील हकीकत दिली आहे. इ. स. पूर्व ३४० मध्ये कॉन्सल पब्लियस डेसियस मुस लॅटिनांशी लढत असता त्याची फळी मागे हटू लागली. त्याने मार्कस व्हॅलेरियस या धर्माधिकाऱ्यास हाक मारली. मस्तकावर वस्त्र घेऊन, भाल्यावर उभे राहून, त्याने सांगितलेला मंत्र उच्चारला. शत्रुसैन्यासह स्वतःस देवतांना अर्पण केले आणि घोडा शत्रूंत घातला. तो पडला, रोमला जय मिळाला.

पुढे चाळीस वर्षांनी, इ. स. पूर्व ३०० मध्ये, ओगुल्नियस बंधूंनी कायदा मांडला: चार धर्माधिकारी व पाच शकुनज्ञ सामान्यजनांतून वाढवावेत. हा प्रश्न आमचा नसून देवांचा आहे, आपले विधी विटाळू नयेत हे देवच पाहून घेतील, असे कुलीन म्हणू लागले. अॅपियस क्लॉडियसने कडवा विरोध केला. त्याला उत्तर दिले ते डेसियसच्या त्याच नावाच्या पुत्राने. माझ्या पित्याची आहुती देवांना शुद्ध वाटली, तर आमच्या हातची पूजा अशुद्ध कशी, असा त्याचा आशय होता. कायदा संमत झाला आणि पहिल्या चार नव्या धर्माधिकाऱ्यांत तोही निवडला गेला.

इ. स. पूर्व २९५ मध्ये सेंटिनमच्या रणांगणावर गॉलांपुढे त्याची बाजू खचली, तेव्हा पुत्रानेही पित्याचाच मार्ग धरला. पित्याला मंत्र सांगणारा कुलीन होता. पुत्राला मंत्र सांगणारा मार्कस लिव्हियस हा त्याच कायद्याने धर्माधिकारी झालेला सामान्यजन होता. देवांनी विटाळ मानल्याचे दिसले नाही; लढाई रोमने जिंकली.

पुत्राचा युक्तिवाद बिनतोड खरा. पण त्यातील एक गोष्ट मला सलते. कुलीनाच्या मुलाला, तुझ्या बापाने देवासाठी प्राण दिले होते काय, असे कोणीच विचारले नव्हते. त्याला जन्म पुरला. दुसऱ्याला मरणाचा पुरावा आणावा लागला. जन्मापेक्षा गुण श्रेष्ठ, हे आपण सहज मान्य करतो. परंतु गुणांची परीक्षा बाहेरच्यानेच द्यावी आणि आतल्याने केवळ परीक्षक व्हावे, याला न्याय म्हणता येत नाही. एकाच तराजूची दोन पारडी वेगवेगळ्या वजनांनी तोलली जातात, तेथे जिंकलेला दावाही अर्धाच जिंकलेला असतो.

म्हणून पूर्वजांचे दाखले समोर आले, की मी मनाशी एवढेच विचारतो: हा पुरावा आपण दोन्ही पक्षांकडून मागितला आहे ना?