नात्याचा रकाना

विवाह म्हणजे काय, हा प्रश्न आपल्याकडे पूर्वी धर्मशास्त्र्यांस पडे. हल्ली तो न्यायमूर्तींस पडतो. ज्यांच्यामुळे तो पडला, त्या मंडळींस मात्र त्याचा ऊहापोह करावयास फुरसत नसते. पुण्यातील माझ्या परिचयाचे दोन गृहस्थ सोळा वर्षे एकत्र राहत आहेत. थोरला पहाटे उठून पाणी भरतो, धाकटा चहा ठेवतो. आमटीत मीठ कोणी जास्त घातले यावरून वाद होतो, आणि वाणसामानाचा हिशेब एकाच वहीत मांडला जातो. इतका नीरस संसार मी तरी अन्यत्र पाहिलेला नाही!

असा सहवास गुन्हा नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली ठरविले. १७ ऑक्टोबर २०२३ रोजी मात्र, विवाहाचा मूलभूत हक्क घटनेत नाही व हा प्रश्न संसदेचा आहे, असा निकाल पाच न्यायमूर्तींनी दिला. पुढे ऑगस्ट २०२४ मध्ये केंद्राच्या अर्थखात्याने खुलासा केला की, अशा जोडप्यांस बँकेत संयुक्त खाते उघडण्यास प्रतिबंध नाही. म्हणजे दोघांचा पैसा तरी एकत्र नांदू शकतो.

मध्यंतरी थोरल्यावर शस्त्रक्रिया करण्याचा प्रसंग आला. रुग्णालयाच्या कागदावर ‘रुग्णाशी नाते’ असा रकाना होता. धाकट्याने तेथे ‘मित्र’ असे लिहिले. कारकुनाने कागद परत केला. नागपूरहून थोरल्याची बहीण येऊन सही करीपर्यंत रात्र सरली. ही बाई दहा वर्षांत भावाच्या उंबऱ्यावर आली नव्हती.

शेजाऱ्यांनी मानले म्हणजे झाले, कायदा कशाला, असे काही सज्जन म्हणतात. मला ते पटत नाही. विधवाविवाहाचा कायदा १८५६ चा. तरीही १८९३ साली धोंडो केशव कर्वे यांनी विधवेशी विवाह केला, तेव्हा मुरुडकरांनी त्यांस बहिष्कृत केलेच. कायद्याने मने वळली नाहीत, हे खरे. परंतु ही कर्व्यांची पत्नीच नव्हे, असे म्हणण्याची सोय मुरुडकरांस उरली नव्हती. माझ्या स्नेह्यांची स्थिती नेमकी उलट आहे. शेजारी त्यांस दिवाळीचा फराळ आवर्जून धाडतात. पण तो मर्जीचा फराळ, आणि मर्जी केव्हाही रुसू शकते. संततीच्या आक्षेपाविषयी अधिक लिहीत नाही. साठीत लग्न करणाऱ्यांस तो कोणी विचारल्याचे ऐकिवात नाही.

गंमत अशी की, धाकट्यास लग्नाची हौस मुळीच नाही. मुंडावळ्या बांधलेला आपला चेहरा त्यास हास्यास्पद वाटतो. परंतु त्या रात्रीपासून थोरल्याच्या बहिणीचा दूरध्वनी क्रमांक तो चिठ्ठीवर लिहून खिशात बाळगतो.