उसनी वाणी

अभिनयाचें श्रेय देहाचें कीं वाणीचें? देह एकाचा व वाणी दुसऱ्याची असली, म्हणजे हा प्रश्न केवळ रसिकतेचा न राहतां नीतीचा होतो. ‘बाहुबली’ (२०१५) या बोलपटांत नायक प्रभास दिसतो. हिंदी आवृत्तींत आवाज मात्र नट शरद केळकर यांचा. परभणी जिल्ह्यांतील झरी गांवीं बसून ही आवृत्ति पाहणाऱ्यास जो वीर भेटतो, तो निम्मा केळकरांनीं घडविलेला असतो. बालपणीं अडखळत बोलणाऱ्या मनुष्यानें ही वाणी कष्टानें कमावली आहे.

आवाजाचा धनी उघड झाला कीं रसभंग होतो, असें कोणी म्हणेल. आम्हांस तें पटत नाहीं. १९४९ सालीं ‘महल’मधील गीताच्या तबकडीवर लता मंगेशकरांऐवजीं ‘कामिनी’ हें पात्राचेंच नांव छापलें गेलें. पुढें खरें नांव सर्वांस कळलें. गीताची गोडी रतिभरही उणावली नाहीं.

खेळ चालूं असतां भ्रम राखणें हा कलेचा धर्म. खेळ संपल्यावरही तो राखणें ही, आमच्या मतें, श्रमाची चोरी होय. आणि पडद्यावर नामावली येतांच उठून जाणारा प्रेक्षकही तींत वांटेकरी असतो.