आईला पटणार नाही

तिशी ओलांडलेला मुलगा, हिंजवडीत नोकरी, फ्लॅटचा हप्ता चालू, आणि तीन-चार वर्षं एका मुलीशी जमलेलं. लग्नाचा विषय निघाला की मात्र एकच वाक्य : ‘आईला पटणार नाही.’ मग आपण सगळे आईच्या नावाने बोटं मोडायला मोकळे.

आई कारणही पुरवते म्हणा. मुलगी पहिल्यांदा घरी आली की पोह्यांची बशी पुढे करत ती सहज विचारते, ‘तुमच्यात श्रावण पाळतात का गं?’ एवढ्यात जात, स्वयंपाकघर आणि देवघर, तिन्हींची झडती होते. ‘सगळं पाळतो, काकू,’ असं उत्तर आलं तरी रात्री ‘मला काही म्हणायचं नाहीये, पण...’ सुरू होतंच. पुढच्या आठवड्यात विवाह मंडळात परस्पर नाव नोंदवलं जातं. बायोडाट्यात मुलीकडून अपेक्षा म्हणून ‘घरकामाची आवड’ असतं. स्वतःचा चहाचा कप मुलाने कधी विसळलेला नसतो.

तुर्कस्तानच्या अभ्यासक डेनिझ कांडियोटी यांनी 1988 साली एका लेखात याची मेख दाखवली. नवी सून म्हणून आलेल्या बाईला घरात अधिकार नसतो. तो उशिरा मिळतो, आणि मुलामार्फत मिळतो. म्हणून तरुण जोडप्यातलं प्रेम घट्ट होणं सासूला परवडत नाही. मुलगा हाच तिचा प्रॉव्हिडंट फंड. हे वाचल्यावर मला तरी आईवर फार रागावता येत नाही.

मुलावर येतं. 1954 च्या विशेष विवाह कायद्यात नोटीस लागल्यापासून 30 दिवसांत कुणीही हरकत घेऊ शकतं, पण कारणं मोजकी : आधीचा जोडीदार हयात असणं, संमती देण्याची मानसिक क्षमता नसणं, वय कमी असणं, निषिद्ध नातं. आईची नापसंती त्यात बसत नाही. नकाराधिकार तिला मुलानेच बहाल केलेला असतो, कारण तो त्याच्या पथ्यावर पडतो. आईशी वाद टळतो, आणि मुलीला स्वतःच्या तोंडाने ‘नाही’ म्हणण्याचा वाईटपणाही. नोकरी बदलताना, कर्ज काढताना याच आईला त्याने फक्त पेढे दिलेले असतात.

तिकडे मुलगी घरी आलेली स्थळं परतवून लावत असते. कधीतरी ती विचारतेच, ‘काकूंचं राहू दे, तुला काय वाटतं?’ नेमका तेव्हाच त्याला ऑफिसचा फोन येतो.