सोन्याची देवी, काळा पाषाण

दुर्गासप्तशतीचा पाठ संपला की त्यामागून तीन रहस्यं वाचतात. त्यातल्या पहिल्या, प्राधानिक रहस्यात महालक्ष्मीचं ध्यान आहे. हातांत म्हाळुंग, गदा, ढाल आणि पानपात्र. मस्तकावर नाग, लिंग आणि योनी. कोल्हापूरच्या माणसाला हे वर्णन ऐकताना गाभाराच दिसतो, कारण आमची अंबाबाई अशीच आहे. फक्त एक गोष्ट जुळत नाही. रहस्यातली देवी तापवलेल्या सोन्याच्या रंगाची आहे आणि आमची मूर्ती काळ्या पाषाणाची.

नवरात्रात आमच्या घरी अण्णा पाठ वाचायचे आणि अर्थही सांगायचे. मी विचारलं होतं, "अण्णा, देवी सोन्याची का काळी?" पोथीवरची नजर न काढता ते म्हणाले, "वाचताना सोन्याची. देवळात गेलीस की डोळ्यांनी बघ." तेव्हा मला ते उत्तर टाळाटाळीचं वाटलं होतं. पुढं मी चित्रकलेची शिक्षिका झाले, आयुष्यभर मुलांना "जे दिसतं ते काढा" असं सांगत आले आणि अण्णांचं ते वाक्य मला जास्त जास्त पटत गेलं.

महाद्वारातून आत जाऊन रांगेत उभं राहावं. पुढ्यात पोचल्यावर मागून रेटा असतो, "चला, पुढं चला" चालू असतं. तेवढ्या वेळात काय दिसतं? मुखवटा नव्हे, तिचं स्वतःचं मुख. किरीट, नथ, मंगळसूत्र, साडीच्या निऱ्या. म्हाळुंग बहुतेकांना दिसत नाही. मागचा सिंह दिसत नाही. मूर्ती जेमतेम तीन फुटांची, तीही साडी-दागिन्यांनी झाकलेली. तरी बाहेर आलेल्या कुणालाही विचारा, तो देवी चतुर्भुज आहे असंच सांगेल, आणि खोटं बोलणार नाही. डोळ्यांनी मुख पाहिलं, बाकीचं रूप कानांनी आधीच आणून ठेवलेलं होतं.

शेजारच्या काकूंनी एकदा देवघरासाठी चित्र मागितलं. "साडी नेसवलेली नको हं, मूळ रूप काढा," म्हणाल्या. मी कागद पुढ्यात घेतला. मुख काढताना हात भराभर चालला, कारण ते लहानपणापासून पाहिलेलं. गळ्याखाली आले आणि पोथी उघडावी लागली. उजवीकडच्या खालच्या हातात म्हाळुंग, वरच्या हातात गदा. डावीकडे वर ढाल, खाली पानपात्र. पेन्सिल माझी होती, पण त्या चार हातांची रेघ श्लोकानं ओढली. मग रंगाची वेळ आली. पोथी ऐकावी तर पिवळा, देऊळ ऐकावं तर काळा. मी पाषाण काळाच ठेवला आणि कडेच्या रेघांना सोनेरी हात फिरवला. काकूंना तेच आवडलं.

शब्द आणि रूप यांच्यात आधी कोण, असा एक जुना वाद आहे. शिल्पकारानं श्लोक ऐकून दगड घडवला की दगड पाहून कुणी श्लोक रचला? मला हा वाद फारसा महत्त्वाचा वाटत नाही. मला महत्त्वाचं वाटतं ते हे की ज्या काळात मूर्ती लोकांना दिसत नव्हती त्या काळात ती टिकली कशी. आक्रमणाच्या भयानं ती देवळाबाहेर लपवून ठेवलेली होती. १७१५ साली तिची पुन्हा प्रतिष्ठापना झाली. दर्शन नसलेल्या त्या काळात तिचं रूप ध्यानाच्या शब्दांत उभं होतं, कुठल्या हातात काय, सगळं जागच्या जागी. उलटही घडतं. २०१५ मध्ये पुरातत्त्व खात्यानं मूर्तीचं रासायनिक संवर्धन केलं, त्यानंतर मस्तकावरच्या नागावरून गावात मोठी चर्चा झाली. लोकांनी दगडाला शब्दाचा जाब विचारला. मला त्यात अडाणीपणा दिसला नाही. ज्या रूपाचं नाव रोज घेतो त्यातला नाग दिसेना म्हणून माणसं अस्वस्थ झाली, इतकी ती त्या शब्दांत राहत होती.

नवरात्रात तर हा खेळ उघड्यावर येतो. मूर्ती उभी आहे, पण श्रीपूजक तिची बैठी पूजा बांधतात. ललितापंचमीला ती हत्तीवरच्या अंबारीत दिसते, अष्टमीला महिषासुरमर्दिनी होते. साड्या, फुलं, दागिने आणि बांधणाऱ्याचे हात, एवढ्यावर त्या तीन फुटांच्या दगडातून एक कथा उभी राहते. सकाळी पेठेतल्या बायका एकमेकींना आधी विचारतात, "आज कुठल्या रूपात?" रूपाचं नाव कळलं की मगच दर्शनाला निघतात. ही पूजा बांधणाऱ्यांना आपण चित्रकारांच्या यादीत कधी धरत नाही, याचं मला मनापासून वाईट वाटतं. कथा वाचून तिचं चित्र काढणं मी मुलांना शिकवलं. ती माणसं तेच काम कापडात करतात आणि रात्री स्वतःच्या हातानं उतरवतात.

याच्या नेमकं उलट काम ज्ञानेश्वरांनी १२९० मध्ये केलं. ज्ञानेश्वरीच्या आरंभीचा गणपती पाहा. वेद त्याचं शरीर, अठरा पुराणं त्याचे अलंकार, सहा दर्शनं त्याचे सहा हात, तर्क हा परशू, वेदान्त हा मोदक. काव्यं आणि नाटकं त्याच्या पायातल्या घागऱ्या. अकार पाय, उकार पोट, मकार मस्तक. मी एकदा नववीच्या वर्गात हे वाचून दाखवलं आणि काढा म्हणून सांगितलं. मुलं उत्साहानं बसली. सहा हात झाले, परशू झाला, मोदक झाला. मग मागच्या बाकावरून आवाज आला, "बाई, ह्यो परशू तर्काचा हाय हे कसं दाखवायचं ओ?" वर्ग थांबला. एका मुलीनं परशूच्या पात्यावर बारीक अक्षरात 'तर्क' लिहिलं. दुसऱ्यानं पातं इतकं धारदार काढलं की बघताना बोट मागं घ्यावंसं वाटलं. दोन्ही चित्रं मला खरी वाटली. पण ज्ञानेश्वरांचा गणपती दोन्हींत पुरता आला नाही, कारण त्यांनी तो डोळ्यांसाठी घडवलाच नव्हता. रूपाची सगळी गोडी त्यांनी शब्दात ओतली आणि तरीही ते रूप कागदाच्या हाती दिलं नाही.

आमच्याच गावच्या बाबूराव पेंटरांची गोष्ट इथं आठवते. नाटक कंपन्यांचे पडदे रंगवणारा हा माणूस पुढं चित्रपटाकडे वळला. १९२० च्या 'सैरंध्री'त त्यांनी कीचकवध इतका हुबेहूब दाखवला की सेन्सॉरनं त्यावर कात्री चालवली. महाभारतात शतकानुशतकं वाचलेला, कीर्तनात ऐकलेला वध कुणाला खुपला नव्हता. तोच पडद्यावर दिसला आणि सोसेना. १९२५ चा त्यांचा 'सावकारी पाश' मूकपट होता, व्ही. शांताराम त्यात तरुण शेतकरी झाले होते. चित्रपट दिग्दर्शक जे. बी. एच. वाडियांनी त्यातलं एक दृश्य पुढं आठवणीतून सांगितलं आहे: अंधूक उजेडातली एक उदास झोपडी आणि तिथं रडणारं एक कुत्रं. मूकपटात कुत्र्याचं रडणं! पाहणाऱ्याला ते ऐकू आलं असणार, म्हणून तर लक्षात राहिलं. आज त्या मूकपटाची प्रत उपलब्ध नाही. म्हणजे ज्या चित्रानं शब्दावाचून आवाज ऐकवला, ते चित्र आता शब्दांतच शिल्लक आहे. मी तो चित्रपट पाहिलेला नाही आणि ती झोपडी मला दिसते.

पण सगळीकडं शब्द हवाच, असंही मला म्हणायचं नाही. टाऊन हॉल म्युझियममध्ये आबालाल रहिमान यांच्या चित्रांसमोर मी मुलांना नेलं की पाटी वाचू देत नसे. जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेला, शाहू महाराजांच्या दरबारचा हा चित्रकार रंकाळ्याच्या, कोटीतीर्थाच्या काठी पाणी आणि उजेड बघत राहिला. १९३१ मध्ये गेला. त्याच्या निसर्गचित्रांत कथा नाही. कोणता हात कुणाचा, कोणी कुणाला मारलं, काही विचारायचं नाही. पाटी वाचली की मुलं "हां, रंकाळा" म्हणतात आणि पुढं सरकतात. न वाचता उभी राहिली की पाण्यावरच्या एका पट्ट्याशी पाच मिनिटं थांबतात. मी या थांबण्यालाही दर्शनच म्हणते. निर्गुणाची ओढ असलेल्या माणसाला आबालालांचं पाणी पुरेसं आहे असं मला वाटतं.

आता त्या सोन्याच्या रंगाकडे येते. अंबाबाईचं देऊळ पश्चिमाभिमुख आहे. नोव्हेंबरच्या ९, १०, ११ तारखांना आणि जानेवारीच्या ३१ पासून २ फेब्रुवारीपर्यंत मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात, पहिल्या दिवशी पायांवर, मग छातीपर्यंत, तिसऱ्या दिवशी मुखावर. त्या थोड्या वेळात काळा पाषाण सोनेरी होतो. पुष्कळ जण म्हणतात, बघा, पोथीतला शब्द खरा झाला. मला हे पटत नाही. मग उरलेल्या दिवसांत पोथी खोटी होती काय? वर्षभर काळ्या मूर्तीसमोर उभं राहून सोन्याच्या देवीचं ध्यान म्हणणारे माझे अण्णा फसत नव्हते. डोळ्याला एक आणि जिभेला दुसरं, असं दोन्ही त्यांनी एकाच वेळी धरलं होतं. त्या दोघांमधली फट बुजली असती तर उरला असता नुसता दगड किंवा नुसता श्लोक, आणि त्यांना हात जोडायला जागाच राहिली नसती.

त्याच प्राधानिक रहस्याच्या शेवटी ऋषी सांगतो की ती निराकारही आहे आणि साकारही, तिला अनेक नावं आहेत आणि कुठल्याही एका नावानं तिचं निरूपण पुरं होत नाही. आमच्या गावात अंबाबाई म्हणायचं की महालक्ष्मी, यावरून माणसं हमरीतुमरीवर येतात, मोर्चे निघतात. आईनं कानात घातलं म्हणून मी अंबाबाई म्हणते आणि मरेपर्यंत तेच म्हणेन. पण महालक्ष्मी म्हणणाऱ्याशी भांडायला मी उतरणार नाही. भांडणाऱ्या दोन्ही बाजूंच्या घरी सप्तशतीची पोथी आहे. त्यांनी ती शेवटच्या श्लोकापर्यंत वाचावी, एवढंच माझं मागणं आहे.