वाटाण्यापुढे बसलेला माणूस

“कार्टूनला कॅमेरामन कशाला लागतो? सगळं तर काढलेलंच असतं!” खानदेशातल्या सावद्याच्या एका टपरीवर मोबाइलात रमलेल्या नातवाकडे पाहत एका आजोबांनी हा शेरा मारला आणि चहा संपवला.

शेरा अगदीच उडवून लावण्यासारखा नाही. नेहमीच्या सिनेमातला कॅमेरामन समोर हलते ते टिपतो. अ‍ॅनिमेशनमध्ये समोर हलणारे काही नसतेच. हालचाल घडवावी लागते. टिपणे वेगळे, घडवणे वेगळे. मग घडवणाऱ्यांच्या पंगतीत कॅमेरामनचे पान कशाला मांडायचे?

या भेदाला व्लादिस्लाव स्तारेविच या पोलिश कलावंताचे उदाहरण चपखल बसते. काउनासच्या संग्रहालयात काम करताना त्याला झुंजणारे शिंगवाले भुंगेरे चित्रित करायचे होते. दिव्यांच्या उष्णतेने ते सुस्त पडत. शेवटी त्याने मेलेल्या भुंगेऱ्यांना तारेचे पाय लावले. पाय तसूभर सरकवायचा, एक चित्र घ्यायचे. पुन्हा सरकवायचा, पुन्हा एक. 1912च्या ‘कॅमेरामनचा सूड’मध्ये तर एक नाकतोडाच कॅमेरा घेऊन भुंगेऱ्याचे चोरटे प्रेम टिपतो आणि भर थिएटरात दाखवतो. पडद्यावरचा नाकतोडा टिपतो, पण पडद्यामागे सगळे घडवलेलेच!

त्याच वर्षी मुंबईत दादासाहेब फाळके वाटाण्याच्या रोपापुढे कॅमेरा लावून बसले होते. ‘अंकुराची वाढ’ हा तो लघुपट. इथे भेद डळमळतो. वाढ रोपाची स्वतःची, म्हणजे हे टिपणे झाले. पण रीत स्तारेविचचीच, एकेक चित्राची. खानदेशातल्या शेतकऱ्याला हे वेगळे सांगायला नको. केळीचा पोंगा उलगडलेला दिसतो, उलगडताना दिसत नाही.

आता थोडे आडवळण. फाळक्यांनी महिनाभर रोज एकच चित्र घेतले आणि मिनिटभराची फीत तयार झाली, असे सांगतात. हिशेब जुळत नाही. मूकपटाच्या काळात सेकंदाला साधारण 16 चित्रे सरकत. तीस दिवसांची तीस चित्रे म्हणजे जेमतेम दोन सेकंद. मिनिटाला 960 लागतात, म्हणजे दिवसाला बत्तीसेक. दिवसाउजेडीच काम केले असे धरले, तर दर वीस-बावीस मिनिटांनी एक. आख्यायिकेपेक्षा हा हिशेब फाळक्यांना अधिक मोठे करतो. दोन चित्रांमध्ये किती थांबायचे, हे ना रोप ठरवते, ना कॅमेरा.

पुढे महायुद्धामुळे कच्च्या फिल्मची टंचाई झाली. त्या दिवसांत, 1915मध्ये, फाळक्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ केली. तिथे त्यांनी निर्जीव काड्या नाचवल्या. वाटाणा टिपणारा आणि काड्या घडवणारा माणूस एकच, आणि दोन्हीकडे कौशल्यही तेच: थांबण्याचे माप. तेव्हा टिपणे-घडवणे हा भेद कॅमेऱ्यासमोरच्या वस्तूपुरता खरा. कॅमेऱ्यामागच्या माणसाला तो लागू होत नाही. तो वेळ घडवतो, समोर वेल असो, भुंगेरा असो की काढलेले चित्र.

आजोबांचा प्रश्न तरीही व्यवहाराचा आहे: अशा माणसाला पैसे कोणी का द्यावेत? फाळक्यांना ते मिळाले. वाटाण्याची ती इवलीशी फीत दाखवूनच त्यांनी भांडवल देणाऱ्यांचा विश्वास मिळवला, आणि 3 मे 1913 रोजी मुंबईच्या कोरोनेशन थिएटरात त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लागला.