अनृणी आणि स्वगृही

महाभारताच्या वनपर्वात यक्ष युधिष्ठिराला जे प्रश्न विचारतो त्यांत सुखी कोण, हाही एक प्रश्न आहे. त्यावरचे युधिष्ठिराचे उत्तर इतके साधे आहे की वाचणारा त्यावरून सहज पुढे जातो: ज्याच्यावर ऋण नाही, ज्याला पोटासाठी परमुलखात राहावे लागत नाही आणि जो उशिराने का होईना आपल्या घरी नुसती भाजी शिजवून खातो, तो सुखी. या उत्तरात ऋणमुक्ती आणि स्वतःचे घर या दोन गोष्टी एकाच सुखाच्या दोन बाजू म्हणून येतात. आजच्या नागरी मध्यमवर्गाच्या आयुष्यात मात्र त्या परस्परांच्या आड आल्या आहेत, कारण स्वतःचे घर हवे तर वीस-पंचवीस वर्षांचे ऋण पत्करावे लागते आणि अनृण राहायचे तर बहुधा भाड्याच्या घरात राहावे लागते. म्हणून गृहकर्जाची खरी किंमत किती, हा प्रश्न हिशेबाच्या वहीत सुरू होत असला तरी तो त्या वहीत संपत नाही.

ऋण आणि कर्ज हे दोन्ही शब्द मराठीत नांदतात, पण त्यांचे अर्थ एकमेकांवर पूर्णपणे बसत नाहीत. ‘आपल्या ऋणात राहू इच्छितो’ असे मराठी माणूस कृतज्ञतेने म्हणतो, परंतु कुणाच्या कर्जात राहण्याची इच्छा कोणी व्यक्त करीत नाही. तैत्तिरीय संहितेने ब्राह्मण तीन ऋणे घेऊनच जन्मतो असे सांगितले, आणि पुढच्या परंपरेने ती कल्पना अधिक व्यापक केली. ऋषींचे ऋण अध्ययनाने, देवांचे यज्ञाने आणि पितरांचे संततीने फेडायचे. शतपथ ब्राह्मण त्यांत मनुष्यऋण हे चौथे ऋण मिळवते, आणि ते फेडण्याची रीत म्हणून माणसांना आसरा देणे व अन्न देणे सांगते. घर हे केवळ राहणाऱ्याच्या सोयीचे नसून एका ऋणाची फेड करण्याचे साधन आहे, असा विचार येथे स्पष्ट आहे. या सर्व ऋणांत व्याज नाही, मुदत नाही आणि गहाणही नाही. ती फेडताना माणूस मोठा होतो. कर्ज हा शब्द मराठीत अरबीतून फारसीमार्गे आला आणि ज्या इस्लामी परंपरेतून तो आला तिने तर रिबा, म्हणजे कर्जावर घेतलेली वाढ, निषिद्धच ठरवली. जो शब्द आज हप्ता आणि व्याज यांच्याशिवाय उच्चारताच येत नाही, त्याच्या मागे व्याजाला नकार देणारा धर्मविचार उभा आहे, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे.

आता हिशेब. पन्नास लाख रुपयांचे कर्ज वार्षिक ८.५ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतले, तर मासिक हप्ता ४३,३९१ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातील ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल, म्हणजे मूळ उचललेली रक्कम, केवळ ७,९७४ रुपयांनी उतरते. पाच वर्षांत कर्जदाराने सव्वीस लाखांहून अधिक रक्कम भरलेली असते, तरी मुद्दल सहा लाखांनीही कमी झालेले नसते. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षे लागतात, आणि मुद्दल निम्मे व्हायला तेरा वर्षे दहा महिने. वीस वर्षांची बेरीज १ कोटी ४ लाखांच्या घरात जाते, म्हणजे व्याज ५४ लाखांवर. हेच कर्ज तीस वर्षांवर नेले तर हप्ता ३८,४४६ रुपयांपर्यंत खाली येतो. महिन्याला पाच हजारांची ही सवलत मिळते खरी, पण एकूण व्याज ८८ लाखांवर पोचते. यात फसवणूक नाही. उरलेल्या मुद्दलावर त्या त्या महिन्याचे व्याज आकारणे एवढाच यातला नियम आहे, आणि मुद्दल सुरुवातीला मोठे असल्यामुळे व्याजही सुरुवातीला मोठे असते. ज्याला हा नियम एकदा समजला त्याला हेही समजते की पहिल्या वर्षांत जादा भरलेला रुपया शेवटच्या वर्षांत भरलेल्या रुपयापेक्षा कितीतरी अधिक काम करतो. दरवर्षी एक हप्ता अधिक भरला तरी वरील कर्ज तीन वर्षांहून जास्त काळ आधी फिटते, आणि चलदराच्या, म्हणजे बदलत्या व्याजदराच्या, वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीसाठी दंड आकारण्यास रिझर्व्ह बँकेने २०१२ पासून बँकांना मनाई केलेली आहे.

परंतु एक कोटी चार लाख हा आकडा म्हणजेच कर्जाची खरी किंमत, असे म्हणणेही चूक आहे. वेगवेगळ्या काळातील रुपये एका रकान्यात मांडून त्यांची बेरीज करणे हे मुळातच सदोष आहे, कारण महागाई दरवर्षी पाच टक्के धरली तर विसाव्या वर्षातील ४३ हजारांच्या हप्त्याची क्रयशक्ती आजच्या सोळा हजारांच्या आसपास उरते. शिवाय कर्जदार त्या घरात राहत असतो आणि त्याचे भाडे वाचत असते. पैशाच्या मापाने पाहिले तर गृहकर्ज अनेकदा परवडणारेच ठरते. मग तरीही लाखो कुटुंबांना जे ओझे जाणवते ते कशाचे, हा खरा प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर शोधण्यासाठी व्याजाच्या दराकडे पाहून भागत नाही, काळाकडे पाहावे लागते.

धर्मशास्त्रकारांनी नेमके हेच केले होते. मनुस्मृतीने तारण असलेल्या कर्जावर दरमहा ऐंशीवा भाग, म्हणजे वर्षाला पंधरा टक्के, व्याज मान्य केले. हा दर आजच्या गृहकर्जाच्या दरापेक्षा बराच चढा आहे. मात्र त्याच ग्रंथाने अशीही मर्यादा घातली की एका वेळी वसूल करायची रक्कम मुद्दलाच्या दुपटीपलीकडे जाता कामा नये. हाच पुढे दामदुपटीचा नियम म्हणून ओळखला गेला. पंधरा टक्क्यांनी थकलेले सरळव्याज ऐंशी महिन्यांत मुद्दलाएवढे होते, आणि तिथे ते थांबते. दर चढा आणि काळ बांधलेला, अशी ही रचना होती. धनकोचा, म्हणजे कर्ज देणाऱ्याचा, हक्क मान्य करूनही भूतकाळातील एका व्यवहाराने भविष्यावर किती दूरपर्यंत हात टाकावा याला या नियमाने सीमा घातली. या परंपरेचे सारेच काही स्वीकारण्याजोगे नाही; तारणाशिवायच्या कर्जावर खालच्या मानलेल्या वर्णाकडून अधिक व्याज घ्यावे असे हीच स्मृती सांगते, आणि तो अन्याय झाकून दामदुपटीचे कौतुक करणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. तरीही सीमेची ती कल्पना इतकी चिवट होती की इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी ती हिंदू कायद्याचा भाग म्हणून लागू केली, आणि १९४६ चा मुंबई सावकारी अधिनियम व त्याच्या जागी आलेला २०१४ चा महाराष्ट्राचा सावकारी नियमनाचा कायदा यांतही ती टिकून राहिली. बँका या कायद्यांच्या कक्षेबाहेर आहेत. इतकेच नव्हे, तर बँकेने आकारलेले व्याज जास्त आहे एवढ्याच कारणावरून न्यायालयाने तो व्यवहार पुन्हा उघडू नये, अशी तरतूद बँकिंग नियमन कायद्यात १९८४ मध्ये कलम २१ अ म्हणून घालण्यात आली.

अर्थात शब्दशः पाहिले तर नियमित फेडले जाणारे गृहकर्ज दामदुपटीचा भंग करीतच नाही. ‘एका वेळी’ हा स्मृतीचा शब्द निर्णायक आहे: व्याज साचून मुद्दलाच्या पुढे जाऊ नये एवढेच तो सांगतो, आणि महिन्याच्या महिन्याला चुकते केलेले व्याज साचतच नाही. त्यामुळे मुद्दल पन्नास आणि व्याज चौपन्न अशी स्थिती येऊनही जुन्या न्यायनिवाड्यात तिच्याविरुद्ध तक्रार उभी राहिली नसती. सीमा ओलांडली गेली नाही. हप्त्याच्या रचनेने ती निरर्थक केली. जिथे थकबाकी कधी दिसतच नाही, तिथे काळ किती गेला हेही दिसत नाही.

हे न दिसणे चलदराच्या कर्जात अधिकच गहिरे होते. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी चलदराची गृहकर्जे बाह्य मानदराशी, बहुतेक वेळा रेपो दराशी, जोडली गेली. रेपो दर म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्पमुदतीची रक्कम देते तो दर. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवघ्या नऊ-दहा महिन्यांत हा दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. पन्नास लाखांचे वीस वर्षांचे कर्ज ६.७५ टक्क्यांनी नुकतेच घेतलेल्या माणसाचा हप्ता ३८,०१८ रुपये होता, दर ९.२५ झाल्यावर नुसते महिन्याचे व्याजच ३८,५४२ रुपये होऊ लागले. म्हणजे हप्ता तोच ठेवला असता तर माणूस दरमहा इमानाने पैसे भरीत राहिला असता आणि कर्ज दरमहा वाढत राहिले असते. गणिताच्या भाषेत अशा कर्जाची मुदत अनंत असते. व्यवहारात हप्ता वाढवून किंवा मुदत लांबवून हा पेच सोडवला जातो. मुदत लांबवण्याची वाट कर्जदाराला न विचारताच धरली जाऊ नये म्हणून ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्ही यांतून निवड करण्याचा पर्याय कर्जदाराला देणे बंधनकारक केले. हा नियम महत्त्वाचा आहे, कारण तो काळ हीसुद्धा देवघेवीची वस्तू असल्याचे उघडपणे मान्य करतो.

हा काळ नक्की कोणाचा, असा प्रश्न येथे उभा राहतो. तिशीतला माणूस गहाणखतावर सही करतो आणि पन्नाशीतला माणूस हप्ता भरतो. ते दोघे एकच का? मिलिंदपञ्ह या पाली बौद्ध ग्रंथात नागसेन स्थविर, म्हणजे ज्येष्ठ भिक्षू, याच जातीच्या प्रश्नाला तो तोही नाही आणि दुसराही नाही असे उत्तर देतात, आणि म्हणूनच आधीच्या कृत्याची जबाबदारी नंतरच्याला झटकता येत नाही असे दाखवतात. हे उत्तर गृहकर्जाला लावले तर त्याची दुसरी बाजूही पुढे येते: जबाबदारी पोचवता येते, परंतु ज्याच्यावर ती पोचणार त्याची संमती आधी घेता येत नाही. पन्नाशीतल्या माणसाला नोकरी सोडून गावी शेती करावीशी वाटेल, आजारी आईजवळ वर्षभर राहावेसे वाटेल, वरिष्ठाच्या चुकीच्या आदेशाला नकार द्यावासा वाटेल, आणि प्रत्येक वेळी महिन्याच्या पाच तारखेला खात्यात किती रक्कम हवी, हा विचार त्याच्या आधी येऊन उभा राहील. व्याजाच्या तक्त्यात न दिसणारी किंमत ती हीच. अंगुत्तरनिकाय या बौद्ध सूत्रसंग्रहात बुद्धाने अनाथपिंडिकाला गृहस्थाची चार सुखे सांगितली आहेत, त्यांत धन असण्याचे सुख आणि ते भोगण्याचे सुख यांच्या शेजारी अनणसुख, म्हणजे ऋण नसण्याचे सुख, स्वतंत्रपणे मोजले आहे. ऐकणारा अनाथपिंडिक हा श्रावस्तीचा मोठा धनिक होता. ऋण नसण्याचे सुख हे केवळ गरिबाचे समाधान नव्हे, संपन्न माणसालाही ते वेगळे मिळवावे लागते, असा त्याचा अर्थ.

मनुस्मृती तीन ऋणे फेडल्यावरच मन मोक्षाकडे लावावे असे सांगते. आजचे गृहकर्ज बहुधा निवृत्तीच्या वयाला टेकूनच संपते, म्हणजे गृहस्थाश्रमाची सारी वर्षे ते व्यापते, आणि अध्ययन, अपत्यसंगोपन व अतिथीचा आसरा ही जी ऋणे याच वर्षांत फेडायची, त्यांना उरलेल्या वेळावर आणि उरलेल्या पैशावर भागवावे लागते. ज्या घराने मनुष्यऋण फेडायचे त्या घराच्या हप्त्यापायी पाहुण्याचे चार दिवसांचे राहणे जड वाटू लागले, तर शतपथाच्या दृष्टीने व्यवहार उलटा झाला असे म्हणावे लागेल.

धनकोच्या बाजूनेही विचार केला पाहिजे. परंपरा असे सांगते की तुकारामांनी घराण्याच्या सावकारीतील आपल्या वाट्याची कर्जखते इंद्रायणीत सोडून दिली. ऋणको, म्हणजे कर्ज घेणारा, जसा बांधलेला असतो तसाच धनकोही येण्याच्या रकमेला बांधलेला असतो, ही जाण त्या कृतीत आहे. आज मात्र अशी कृती करायला कोणी एक माणूस समोर उरलेला नाही. बँक जे उसने देते ते मुख्यतः ठेवीदारांचे असते, आणि पन्नाशीतल्या कर्जदाराने भरलेल्या व्याजातून कुणा निवृत्त शिक्षिकेच्या मुदतठेवीचे व्याज निघते. म्हणून गृहकर्जाला सावकारी पाश म्हणून मोडीत काढणे अन्यायाचे होईल. एकाच्या भविष्यावर दुसऱ्याचे म्हातारपण उभे आहे, आणि दोघेही एकमेकांना ओळखत नाहीत.

याज्ञवल्क्यस्मृती गहाण सोडवण्यासाठी जे क्रियापद वापरते ते मुच् या धातूचे आहे, म्हणजे मोक्ष हा शब्द ज्या धातूपासून आला त्याच धातूचे. मराठीनेही ‘गहाण सोडवणे’ यात तोच अर्थ जपला आहे. वर सांगितलेल्या कर्जाच्या दोनशे चाळिसाव्या हप्त्यात व्याज केवळ ३०५ रुपये असते, बाकी सारे मुद्दल. त्यानंतर मालमत्तेची मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत करणे बँकेवर डिसेंबर २०२३ पासून बंधनकारक आहे, आणि त्यापुढे बँकेमुळे विलंब झाला तर दर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई द्यावी लागते. नोंदवलेला बोजा उतरतो आणि घर सुटते. ते कागद हातात घेणारा माणूस, नागसेनांच्या शब्दांत, सही करणारा तो नसतो आणि दुसराही नसतो.