पूर्वपक्षाचे ऋण

तत्कालीन रत्नागिरी जिल्ह्यातील धालवली येथे १९१८ साली जन्मलेल्या विंदा करंदीकरांच्या ‘अष्टदर्शने’ (२००३) या काव्यातील सात दर्शने पाश्चात्त्य तत्त्वज्ञांची आहेत. त्यांचे ग्रंथ उपलब्ध आहेत. आठव्या चार्वाकाचा मूळ ग्रंथ मात्र लुप्त आहे. त्याचे दर्शन मुख्यतः प्रतिपक्षाच्या साक्षीवरून रचावे लागते, म्हणजे काही अंशी कल्पावेच लागते. ज्याला प्रतिवाद करता येत नाही, त्याच्या मुखी शब्द घालण्याचा अधिकार कोणता?

चौदाव्या शतकातील माधवाचार्य वेदान्ती. तरीही ‘सर्वदर्शनसंग्रहा’त व्याप्ती प्रत्यक्षगम्य नाही, म्हणून अनुमान प्रमाण नव्हे, हा चार्वाकाचा युक्तिवाद ते साक्षेपाने मांडतात. त्याच प्रकरणात ऋण काढून तूप पिण्याचा श्लोकही आहे. लोकस्मृतीने तेवढाच उचलला. दुसरीकडे, आधुनिक विवेकवादी त्याला आपला पूर्वसूरी मानतात. पण अनुमानावरील त्याचा आक्षेप विज्ञानाच्या नियमांनाही लागू पडतो, हे सहसा अनुच्चारित राहते. निंदक आणि प्रशंसक दोघेही त्याला सोयीपुरताच बोलू देतात.

कल्पित दर्शनाचे प्रामाण्य रचणाऱ्याच्या सहानुभूतीवर अवलंबून नसते. रचणाऱ्यालाच अडचणीत आणणारा युक्तिवाद तेथे शाबूत राहिला आहे काय, हीच त्याची नैतिक कसोटी होय.